भाताचा मातृवारसा : गुणसूत्रांबाहेरील डीएनए

मावळातील भातखाचरांत पिकणाऱ्या इंद्रायणीचे दाणे शेतकरी पुढील हंगामाचे बियाणे म्हणून राखून ठेवू शकतो. घाटाखाली कर्जत येथील कृषी संशोधन केंद्राने विकसित केलेल्या 'सह्याद्री' या संकरित वाणाचे बियाणे मात्र दरवर्षी नव्याने घ्यावे लागते. या फरकामागे गुणसूत्रांबाहेरील डीएनएचाही वाटा आहे.

भाताच्या पेशीकेंद्रकात गुणसूत्रांच्या १२ जोड्या असतात. त्यांतील वारसा नर व मादी या दोन्ही पालकांकडून येतो. याखेरीज ऊर्जा पुरविणाऱ्या तंतुकणिका आणि प्रकाशसंश्लेषण करणारी हरितलवके यांत स्वतंत्र डीएनए असतो. त्यांचे पूर्वज एकेकाळी स्वतंत्रपणे जगणारे जिवाणू होते. भातात हा वारसा सामान्यतः केवळ मातृरोपाकडून मिळतो.

भाताच्या एकाच फुलात स्त्रीकेसर व पुंकेसर असल्याने स्वपरागण होते. संकरित बियाणे मोठ्या प्रमाणावर तयार करण्यासाठी लक्षावधी फुलांतील पुंकेसर हाताने काढणे अशक्यच. १९७० मध्ये चीनच्या हैनान बेटावर परागकण वांझ असलेले रानटी भाताचे रोप सापडले आणि हा प्रश्न सुटला. या वंध्यत्वाचे मूळ तंतुकणिकेतील डीएनएमध्ये आहे. 'डब्ल्यूए ३५२' हे त्यातील जनुक परागकोशातील पोषक पेशींचा अकाली नाश घडविते, असे २०१३ मध्ये स्पष्ट झाले.

'सह्याद्री'ची मातृओळ याच प्रकारची नरवंध्य आहे. पितृओळीच्या केंद्रकातील जनुके हे वंध्यत्व झाकतात, म्हणून शेतकऱ्याच्या शेतात दाणे भरतात. परंतु तेच दाणे पुन्हा पेरल्यास गुणांची फाटाफूट होते. वंध्यत्वाचा मातृवारसा सर्व रोपांत उतरतो. प्रजननक्षमता परत देणारी जनुके मात्र सर्वांना मिळत नाहीत. परिणामी काही रोपांच्या लोंब्या पोचट राहतात आणि उत्पादन घटते.

वडगाव मावळच्या संशोधन केंद्रातून १९८७ मध्ये प्रसारित झालेली इंद्रायणी हीदेखील आंबेमोहर १५७ व आयआर ८ यांच्या संकरातूनच जन्मली. मात्र अनेक पिढ्यांच्या निवडीनंतर तिचे गुण स्थिर करण्यात आले. म्हणूनच ती 'संकरित' नव्हे, तर 'सुधारित' वाण ठरते. बियाणे राखण्यापूर्वी पिशवीवरील हा एक शब्द पाहणे हिताचे.