विश्लेषण : चिकन पॉट पाय घरी करताना नेमके कुठे बिघडते? ‘कम्फर्ट फूड’मुळे खरेच दिलासा मिळतो का?

वरून सोनेरी, खुसखुशीत आवरण आणि आत वाफाळते, दाटसर चिकन. अमेरिकी मालिका आणि पाककृतींच्या व्हिडीओंमुळे चिकन पॉट पाय आता आपल्याकडेही ओळखीचा झाला आहे. (नावात ‘पाय’ असला तरी कोंबडीच्या पायाशी त्याचा संबंध नाही.) व्हिडीओत सोपा वाटणारा हा पदार्थ घरी केला की आवरण चिवट होते, सारण पातळ राहते किंवा पिठाच्या गुठळ्या होतात. ही चूक हाताची नसते, बहुतेक वेळा तापमानाची असते. ते कसे, हे समजून घेऊ.

पॉट पाय म्हणजे नेमके काय?

पाय म्हणजे पिठाच्या आवरणात भाजलेले सारण. पॉट पायमध्ये हे सारण खोलगट भांड्यात असते. शिजवलेले चिकन, गाजर, मटार, बटाटा, कांदा आणि त्यांना बांधून ठेवणारा पांढरट रस्सा, असे त्याचे साधारण स्वरूप. काही जण भांड्याला खालूनही आवरण लावतात, पण घरगुती पद्धतीत अनेकदा फक्त वरचे झाकण असते. पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी तेच बरे. खालचा थर रश्श्यात भिजून कच्चा राहण्याचा धोका त्यामुळे टळतो.

हा पदार्थ आला कुठून?

मांस पिठाच्या आवरणात भाजण्याची पद्धत युरोपात जुनी आहे. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये या जाड, टणक आवरणाला ‘कॉफिन’ म्हणत. तेव्हा या शब्दाचा अर्थ पेटी किंवा टोपली असा होता. ब्रिटिश स्थलांतरितांबरोबर पाय अमेरिकेत पोहोचला. अमेलिया सिमन्स यांचे १७९६ मध्ये प्रसिद्ध झालेले ‘अमेरिकन कुकरी’ हे अमेरिकी लेखकाचे पहिले पाककृती पुस्तक मानले जाते. त्यातही चिकन पायची कृती आहे.

विसाव्या शतकात त्याचे रूप बदलले. १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला स्वॉन्सन कंपनीने गोठवलेले पॉट पाय बाजारात आणले आणि तो झटपट जेवणाचा प्रकार झाला. नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी होणाऱ्या थँक्सगिव्हिंगनंतर उरलेल्या टर्कीचा पॉट पाय करण्याची पद्धतही अमेरिकेत आहे. म्हणजे मुळात हा उरलेसुरले मार्गी लावणारा, काटकसरीचा पदार्थ.

आपल्याकडे याचे कुणी नातेवाईक आहेत का?

आहेत, आणि तेही जवळचे. पेनसिल्व्हेनियातील जर्मन वंशाच्या समाजात ‘बॉट बॉय’ नावाचा पॉट पाय करतात. त्याला वरचे आवरण नसतेच. पिठाची पोळी लाटून, चौकोनी तुकडे करून ते चिकनच्या उकळत्या रश्श्यात सोडतात. महाराष्ट्रातील वरणफळे किंवा चकोल्या करणाऱ्याला ही कृती वेगळी सांगावी लागणार नाही. डाळीऐवजी कोंबडी, एवढाच फरक.

दुसरा नातेवाईक गोव्यात. पोर्तुगीजांच्या प्रभावातून आलेल्या ‘एम्पादिन्यास’ म्हणजे मांसाचे सारण भरलेले छोटे पाय. मुंबई-पुण्याच्या बेकरीतील चिकन पॅटिसही याच कुळातले. मात्र पॅटिसचे सारण कोरडे असते, तर पॉट पायचे रसदार. करणाऱ्याची कसोटी नेमकी तिथेच लागते, कारण ओल्या सारणावर कोरडे आवरण टिकवायचे असते.

असे पदार्थ खाऊन खरेच बरे वाटते का?

‘कम्फर्ट फूड’ म्हणजे मनाला दिलासा देणारे खाणे. आपल्याकडे पावसाळ्यात मऊ खिचडी किंवा आजारपणात मेतकूट-भाताला जे स्थान आहे, तेच अमेरिकेत पॉट पाय आणि चिकन सूपला. यावर संशोधनही झाले आहे. जॉर्डन ट्रॉयसी आणि शिरा गेब्रिएल यांनी २०११ मध्ये ‘सायकॉलॉजिकल सायन्स’ या नियतकालिकात प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, अशा पदार्थांचा संबंध जवळच्या माणसांच्या आठवणींशी असतो. पदार्थाबरोबर आपलेपणाची भावना जागी होते.

२०१४ मध्ये ‘हेल्थ सायकॉलॉजी’मध्ये आलेल्या हेदर वॅग्नर, ट्रेसी मान आणि सहकाऱ्यांच्या अभ्यासाने मात्र वेगळी बाजू मांडली. सहभागींना मन खिन्न करणारी चित्रफीत दाखवली. नंतर काहींना त्यांचा लाडका पदार्थ, काहींना दुसरे खाणे, तर काहींना काहीच दिले नाही. थोड्या वेळाने सगळ्यांचीच मनःस्थिती जवळपास सारखी सुधारली. म्हणजे दिलासा पदार्थाच्या चवीत किंवा तुपा-लोण्यात असेलच असे नाही. तो कुणी केला, कुणासोबत खाल्ला, यात त्याचा मोठा वाटा असावा. पॉट पाय एका मोठ्या भांड्यात करतात आणि सगळ्यांना वाढतात, हे या दृष्टीने लक्षात घेण्यासारखे आहे.

किती साहित्य लागते?

सहा जणांसाठी साधारण प्रमाण असे :

आवरणासाठी – मैदा २०० ग्रॅम, थंड बटर १०० ग्रॅम, बर्फाचे पाणी चार ते पाच मोठे चमचे.

सारणासाठी – हाडांसह चिकन ८०० ग्रॅम (शक्यतो तंगडीचे), एक मोठा कांदा, दोन गाजरे, एक बटाटा, अर्धी वाटी मटार, चार-पाच लसूण पाकळ्या, बटर ५० ग्रॅम, मैदा ५० ग्रॅम, चिकन शिजवलेले पाणी ४०० मिलिलिटर, दूध १५० मिलिलिटर, मिरपूड, मीठ.

मूळ कृतीत थाइम नावाची वनस्पती वापरतात. ती नसेल तर चिमूटभर ओवा चालतो. थाइमला आणि ओव्याला तो विशिष्ट वास ज्यामुळे येतो, ते थायमॉल हे द्रव्य दोन्हींत सारखेच असते. ओवा उग्र असल्याने हात मात्र आखडता ठेवावा. बाजारातील बटर बहुधा खारे असते, म्हणून मीठ शेवटी चव पाहूनच घालावे.

आवरण चिवट का होते?

दोन कारणांनी. पहिले म्हणजे मैद्यात पाणी घालून मळले की ग्लुटेनचे लवचीक जाळे तयार होते. पोळीसाठी ते हवेच असते, पायसाठी नको असते. म्हणून हे पीठ मळायचे नाही, फक्त गोळा करायचे. मैद्यात थंड बटरचे तुकडे बोटांच्या टोकांनी चुरावेत. काही तुकडे मटाराएवढे राहिले तर उत्तमच. मग थोडे थोडे बर्फाचे पाणी घालून पीठ जेमतेम एकत्र आणावे आणि झाकून किमान अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवावे.

दुसरे कारण बटर वितळण्याचे. बटरमध्ये सुमारे १६ टक्के पाणी असते. गरम ओव्हनमध्ये बटरचे तुकडे वितळतात, त्यातील पाण्याची वाफ होते आणि ती पिठाचे थर एकमेकांपासून अलग करते. खारीला पदर सुटतात ते याच तत्त्वावर. पण बटर ३२ ते ३५ अंश सेल्सिअसला वितळू लागते. एप्रिल-मेमध्ये आपल्या स्वयंपाकघराचे तापमान तेवढेच असते. बटर ओट्यावरच वितळून मैद्यात मुरले, तर पदर सुटणार कसे? थंड देशातील कृती आपल्याकडे फसते ती इथे. उपाय सोपा आहे. मैदा, परात आणि लाटणेही अर्धा तास आधी फ्रिजमध्ये ठेवावे, काम पंख्याखाली किंवा सकाळच्या गारव्यात करावे आणि पीठ हाताला चिकटू लागले की पुन्हा फ्रिजमध्ये ठेवावे.

बटरऐवजी तूप वापरले तर? तुपात पाणी जवळपास नसते. त्यामुळे पदर सुटत नाहीत, आवरण नानकटाईसारखे भुसभुशीत होते. चवीला ते वाईट लागत नाही, पण पदार्थ वेगळा होतो.

सारणात गुठळ्या का होतात?

पिठले करताना बेसन थेट उकळत्या पाण्यात टाकले की गुठळ्या होतात, कारण पिठाचा बाहेरचा भाग लगेच शिजून आत कोरडे पीठ अडकते. पायच्या रश्श्यात हे टाळण्यासाठी मैदा आधी बटरमध्ये मंद आचेवर दोन-तीन मिनिटे परततात. प्रत्येक कणाला स्निग्ध पदार्थाचा थर बसतो आणि कण सुटे राहतात. मैद्याचा कच्चा वासही जातो. रंग मात्र बदलू देऊ नये.

कृतीचा क्रम असा : चिकन बुडेल इतक्या पाण्यात मीठ आणि लसूण घालून मंद आचेवर २५ ते ३० मिनिटे शिजवावे. खळाखळा उकळू नये, मांस कोरडे पडते. चिकन बाहेर काढून हाडे वेगळी करावीत, पाणी गाळून घ्यावे. छातीच्या मांसापेक्षा तंगडीचे मांस दुसऱ्यांदा तापवल्यावरही रसदार राहते, म्हणून ते निवडायचे. बटाटा आणि गाजराच्या लहान फोडी याच पाण्यात अर्धवट शिजवाव्यात. आता ५० ग्रॅम बटरमध्ये कांदा मऊ करून मैदा परतावा. चिकनचे पाणी आणि मग दूध थोडे थोडे ओतत सतत ढवळावे. मैद्यातील स्टार्च पूर्ण दाट होण्यासाठी रश्श्याला उकळी यावीच लागते. तोवर तो पातळ दिसला म्हणून आणखी मैदा घालू नये. चमच्याच्या पाठीला थर बसला की चिकन, भाज्या, मटार, मिरपूड आणि ओवा घालावा.

इथे सर्वात महत्त्वाचा टप्पा येतो. हे सारण गार झाल्याशिवाय त्यावर आवरण घालायचे नाही. गरम रश्श्याच्या वाफेने बटर वितळते आणि आवरण भाजण्याआधीच लगद्यासारखे होते. सारण पसरट ताटात काढले किंवा पातेले गार पाण्याच्या परातीत ठेवले, तर काम लवकर होते.

ओव्हन नसेल तर काय?

ओव्हन किंवा ओटीजी असेल तर तो २०० अंश सेल्सिअसला आधी तापवावा. भांड्यात सारण भरून त्यावर तीन-चार मिलिमीटर जाडीची लाटलेली पोळी पसरावी, कडा दाबून चिकटवाव्यात आणि मधोमध सुरीने तीन-चार चिरा द्याव्यात. वाफेला वाट मिळाली नाही तर आवरण फुगून फाटते किंवा खालून भिजते. वरून फेटलेले अंडे लावले की रंग चांगला येतो. अंडे नको असेल तर दूध चालते. ३० ते ४० मिनिटांत आवरण सोनेरी होते आणि चिरांमधून रस्सा खदखदताना दिसतो. फ्रिजमधील काचेचे भांडे थेट तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवू नये, तडकू शकते.

मायक्रोवेव्ह असेल तर त्याचा कन्व्हेक्शन मोड वापरावा. साध्या मोडवर आवरण खरपूस होत नाही. एअर फ्रायरमध्ये लहान वाट्यांतून १८० अंशांवर करता येतो. कुकर किंवा कढईत भाजल्यास उष्णता मुख्यतः खालून मिळते, त्यामुळे वरचा भाग पांढुरका राहतो. अशा वेळी आवरणाच्या चकत्या जाड तव्यावर झाकण ठेवून मंद आचेवर दोन्ही बाजूंनी भाजाव्यात आणि वाढताना गरम सारणावर ठेवाव्यात. पदर कमी सुटतील, पण खुसखुशीतपणा मिळेल.

सुरक्षिततेचा प्रश्न कुठे येतो?

हा प्रश्न काल्पनिक नाही. अमेरिकेत २००७ मध्ये गोठवलेल्या पॉट पायमुळे साल्मोनेला जिवाणूंचा संसर्ग पसरला. तेथील रोग नियंत्रण केंद्राने त्या वर्षात ४१ राज्यांतील ४०१ रुग्णांची नोंद केली. अनेकांनी पाय मायक्रोवेव्हमध्ये गरम केले होते. मायक्रोवेव्हमध्ये पदार्थ सगळीकडे सारखा तापत नाही. कडा उकळत असताना मधला भाग थंड राहू शकतो. वरून शिजलेला दिसणारा पाय आतून कच्चा असू शकतो, हा त्यातला धडा.

घरच्या कृतीत चिकन आधीच पूर्ण शिजवलेले असल्याने हा धोका बराच कमी होतो. तरीही सारणाच्या मध्यभागी ७४ अंश सेल्सिअस तापमान यायला हवे. स्वयंपाकाचा थर्मामीटर नसेल तर मधल्या चिरेतून रस्सा खदखदतो का, ते पाहावे.

दुसरा धोका उरलेल्या पायचा. दाट रस्सा सावकाश थंड होतो आणि कोमट अवस्थेत क्लॉस्ट्रिडियम परफ्रिन्जन्ससारखे जिवाणू झपाट्याने वाढतात. म्हणून उरलेला पाय दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावा. हवा ३२ अंशांपेक्षा गरम असेल तर तासाभरातच. तो तीन-चार दिवसांत संपवावा आणि खाताना वाफाळेपर्यंत गरम करावा. आवरण लावण्यापूर्वी सारण गार करतानाही हाच नियम लागू होतो. ते सकाळपासून दुपारपर्यंत ओट्यावर ठेवू नये.

रोज खाण्यासारखा आहे का?

नाही. वरील प्रमाणात एकूण १५० ग्रॅम बटर आहे. त्यातूनच सुमारे १,०७५ किलोकॅलरी मिळतात, म्हणजे माणशी जवळपास १८०. त्यात मैदा, दूध आणि चिकन वेगळे. सोबत कोशिंबीर किंवा काकडी-टोमॅटो घ्यावे, आणखी पाव नको. शाकाहारी घरात चिकनऐवजी मशरूम, फ्लॉवर आणि मका वापरून हीच कृती करता येते. मशरूमला पाणी सुटते, ते आधी परतून आटवावे लागते, इतकेच.

पहिल्यांदा करणार असाल तर काम दोन दिवसांत विभागावे. आदल्या रात्री सारण आणि पीठ करून फ्रिजमध्ये ठेवले, की दुसऱ्या दिवशी लाटणे आणि भाजणे एवढेच उरते. दोन्ही गोष्टी थंड असल्याने आवरण बिघडण्याचे मुख्य कारणही आपोआप दूर होते. ओव्हनमधून काढल्यावर दहा मिनिटे मात्र थांबावे. तेवढ्या वेळात रस्सा आळतो, आणि ताटे मांडून सगळ्यांना जेवायला हाक मारता येते.