भीती कुठे ठेवायची

रत्नाकर मतकरींचं ‘अलबत्या गलबत्या’ हे बालनाट्य २०१८ साली पुन्हा रंगमंचावर आलं. दादरच्या शिवाजी मंदिरात त्याचा प्रयोग बघताना माझं निम्मं लक्ष प्रेक्षागृहातल्या मुलांकडे होतं. वैभव मांगले यांची चेटकीण आली की पुढच्या रांगांतली पोरं खुर्चीत मागे सरकत, एखादं आईच्या कुशीत शिरे. पण तिने पाठ वळवून कारस्थान सुरू केलं की तीच पोरं उभी राहून अलबत्याला ओरडून सावध करत. आधी दचकायचं, मग धीर धरायचा, मग आरडाओरडा. हे आपसूक होत नाही, लेखणीने तशी जागा करून ठेवलेली असते. मुलांसाठी लिहिताना मतकरी भीतीला लख्ख उजेडात उभं करतात. तिला नाक असतं, आवाज असतो, तिची फजिती होते. समोर दिसणाऱ्याशी मुलाला भांडता येतं.

आता याच लेखकाची गूढकथा घ्या. निवेदकाचा सूर शेजारी बसून बोलल्यासारखा, माणसं तुमच्या-आमच्यातली, आणि तरी मधेच कुठेतरी पोटात खड्डा पडतो. नेमकं कुठे बिनसलं हे शोधायला मी ‘खेकडा’ संग्रह हातात पेन्सिल घेऊन पुन्हा वाचला. खुणा झाल्या त्या बहुतेक निरुपद्रवी वाक्यांखाली. पहिल्या वाचनात मी ती तशीच ओलांडली होती. भयाण, भीषण अशी विशेषणं मतकरींना फारशी लागत नाहीत. वाचक बेसावध असतो तेव्हाच ते भीती पेरतात आणि पुढचं काम त्याच्यावर सोपवतात.

हे कसब कुठून आलं असावं? मला उत्तर आकाशवाणीत सापडतं. १९५५ साली, सोळाव्या वर्षी, त्यांची ‘वेडी माणसं’ ही एकांकिका मुंबई आकाशवाणीवर झाली. श्रुतिकेत दिवे नाहीत, नेपथ्य नाही. दार उघडलं तर ते ऐकू यावं लागतं, आणि शांतता किती वेळ ठेवायची हेही लिहिणाऱ्याने ठरवायचं. ही शिकवणी त्यांच्या कथाकथनातही जाणवायची. ऐन मोक्याला आवाज चढवण्याऐवजी ते थांबत, आणि सभागृहाला त्या थांबण्याचंच दडपण येई.

दूरचित्रवाणीने मात्र त्यांच्या गूढकथेला तेवढा न्याय दिला, असं मला वाटत नाही. ‘गहिरे पाणी’ ही मालिका मी आवडीने पाहिली, पण कॅमेऱ्याला काहीतरी दाखवावंच लागतं, आणि दाखवलं की कथेतलं भय थोडं उतरतं. एखादं पात्र नुसतं ऐकत बसलंय, असे प्रसंगच तिथे सर्वांत चांगले वठले.

१९७८ पर्यंत त्यांचं लेखन आणि नाटक बँक ऑफ इंडियातली नोकरी सांभाळून चाललं होतं. बालनाट्याची स्वतःची संस्था त्यांनी १९६२ सालीच काढली होती. एकीकडे महाभारतानंतरच्या वृद्धांचं ‘आरण्यक’ हे नाटक, दुसरीकडे खेड्यातल्या दलितांवरच्या अत्याचाराचं ‘लोककथा ७८’. अशा लेखकाला ‘अष्टपैलू’ म्हणून आपण हार घालतो आणि मोकळे होतो. त्याने त्यांच्यावर अन्यायच होतो. पैलू अनेक असले तरी हात एकच होता. सत्तरी ओलांडल्यावर त्यांनी स्वतःच्या कथेवर ‘इन्व्हेस्टमेंट’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. मुलाच्या हातून शाळासोबतिणीचा खून होतो आणि आईबाप त्याला वाचवायला धावतात. भूत कुठेच नाही. पण नीटनेटक्या घरात काहीतरी सडतंय ही जाणीव आपल्यापर्यंत पोचते ती गूढकथेच्याच वाटेने. २०१२ सालचा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट म्हणून त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मे २०२० मध्ये कोरोनाने मतकरी गेले. आज ऑडिओ कथा, वेब मालिका, नाटक अशा सगळ्या दारांतून आत शिरू पाहणारे तरुण लेखक मराठीत आहेत. त्यांना माझी कळकळीची विनंती आहे. मतकरींची एक गूढकथा आणि एक बालनाटक शेजारी ठेवून वाचा, आणि सोबतीला ‘माझे रंगप्रयोग’ घ्या. नाटक उभं करताना काय काय करावं लागलं, याचा हिशेब त्यांनी त्यात स्वतःच मांडून ठेवला आहे.