लुडविग ते लुईस : एका नांवाची कुळकथा

गोमंतकांतील वा बेळगांवकडील एखाद्या शाळेच्या हजेरीपटावर ‘लुईस’ हें नांव आलें तर कोणाही शिक्षकाला त्याचें नवल वाटत नाहीं. ‘पोर्तुगीज नांव’ किंवा ‘ख्रिस्ती नांव’ एवढें म्हणून आपण पुढच्या नांवाकडे वळतों. हीं दोन्ही विधानें अर्धीच खरीं आहेत. पेद्रू, जुझे, जुआंव हीं नांवें बायबलांतून आलीं. लुईस हें नांव बायबलांत कोठेंही नाहीं. तें मुळांत लॅटिनही नव्हे. पोर्तुगालला तें बाहेरून आलें. त्याचें मूळ घर ऱ्हाईन नदीच्या आसपास वसलेल्या फ्रँक नांवाच्या जर्मानिक टोळ्यांत आहे. आजचा जर्मन मनुष्य ज्याला लुडविग म्हणतो तोच हा लुईस.

एकदां हें ध्यानांत आलें म्हणजे आपल्या नेहमींच्या क्रमिक पुस्तकांतही हें नांव निरनिराळ्या वेषांत भेटूं लागतें. इतिहासाच्या तासाला सोळावा लुई, विज्ञानाच्या तासाला लुई पाश्चर, संगीताची गोष्ट निघाली तर लुडविग फान बेथोव्हन. इंग्रजींतील ‘लुईस’ हेंही त्याच कुळांतलें. ‘ॲलिस’च्या गोष्टी लिहिणाऱ्या लुईस कॅरलचें खरें नांव चार्ल्स लटविज डॉज्सन. त्यानें चार्ल्स आणि लटविज या आपल्या दोन नांवांचीं आधीं लॅटिन रूपें केलीं, त्यांवरून पुन्हां इंग्रजी रूपें बनविलीं आणि मग त्यांची अदलाबदल केली. टोपणनांव घेण्यासाठीं त्याला आपल्या नांवाबाहेर जावेंच लागलें नाहीं!

नांवांचे अर्थ सांगणारीं पुस्तकें ‘लुडविग’चा अर्थ ‘प्रसिद्ध योद्धा’ असा देतात. हा अर्थ चुकीचा आहे असें नव्हे. परंतु तो जितका सरळ दिसतो तितका नाहीं, आणि त्याच्या पोटांत जें आहे तें आम्हां मराठी वाचकांना विशेष जवळचें आहे. म्हणून त्याची फोड थोड्या सावकाशीनें करूं.

नांवाचीं दोन अंगें आहेत : ‘ह्लुद’ आणि ‘विग’. पैकीं ‘विग’ म्हणजे लढाई. जिंकणें या अर्थाच्या लॅटिन धातूशीं त्याचें नातें आहे. त्याविषयीं याहून अधिक बोलण्याजोगें फारसें नाहीं. सारी गंमत पहिल्या अंगांत आहे. ‘ह्लुद’ म्हणजे प्रसिद्ध हें खरें. पण प्रसिद्ध कसा? तर ‘ऐकलेला’, ज्याच्याविषयीं लोकांच्या कानांवर पुष्कळ आलें आहे असा. संस्कृतांतील ‘श्रुत’ हा शब्द आणि हा ‘ह्लुद’ हे एकाच मूळ शब्दाचे दोन वंशज आहेत.

‘श्र’ कोठें आणि ‘ह्ल’ कोठें, असें प्रथमदर्शनीं वाटेल. परंतु हा बदल लहरीनें झालेला नाहीं. आदि-इंडो-युरोपीय भाषेंतील एका विशिष्ट ‘क’काराचा संस्कृतांत ‘श’ झाला, लॅटिन आणि ग्रीकमध्यें तो ‘क’च राहिला, आणि जर्मानिक भाषांत त्याचा ‘ह’ झाला. शंभराला आपण ‘शत’ म्हणतों, लॅटिनमध्यें ‘केंतुम्’, तर इंग्रजींत ‘हंड्रेड’. कुत्र्याला संस्कृतांत ‘श्वन्’, लॅटिनमध्यें ‘कानिस’, इंग्रजींत ‘हाउंड’. शिंगाला ‘शृंग’, ‘कोर्नु’ आणि ‘हॉर्न’. या ओळींत ‘श्रुत’, ग्रीक ‘क्लुतोस’ आणि ‘ह्लुद’ ठेवले कीं कोडें सुटतें. जर्मानिक व्यंजनांची ही शिस्त रास्मुस रास्क या डॅनिश पंडितानें १८१८ मध्यें दाखविली आणि १८२२ मध्यें याकोब ग्रिम यानें ती नियमांत बांधली. राहिला ‘र’ आणि ‘ल’ यांचा प्रश्न. त्या दोघांची अदलाबदल संस्कृतच्या अभ्यासकाला नवी नाहीं.

येथें एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. असें साम्य दिसलें कीं ‘म्हणजे हें नांव संस्कृतांतूनच गेलें’ असें म्हणण्याचा मोह आपल्याकडील पुष्कळांना होतो. तो आवरलेला बरा. ‘ह्लुद’ हा ‘श्रुत’चा मुलगा नव्हे, भाऊ आहे. दोघांचा बाप एक, आणि तो आपणांस आज केवळ अनुमानानेंच ठाऊक आहे. भावाला मुलगा म्हटल्यानें कुळाचा मोठेपणा वाढत नाहीं, वंशावळ मात्र बिघडते.

भावंडांचा संसार मात्र वेगळा झाला. आम्हीं ‘ऐकणें’ विद्येला जोडलें. गुरुमुखांतून ऐकलेली ती श्रुति, पुष्कळ ऐकलेला तो बहुश्रुत. जर्मानिक लोकांनीं तोच धातु गाजावाजाला जोडला. इंग्रजींतील ‘लाउड’ हा त्याच घराण्यांतला, ‘ह्लुद’चा सख्खा नव्हे पण चुलत भाऊ. तेव्हां आपल्या जत्रेंत कान किटवणारा ‘लाउडस्पीकर’ आणि वेदशाळेंतील ‘श्रुति’ यांचें दूरचें सोयरीकसंबंध निघतात, हें ऐकून कोणास हसूं आलें तर त्यांत आमचा दोष नाहीं. अर्थात् ‘ऐकलेला म्हणून प्रसिद्ध’ हा अर्थ संस्कृतानेंही टाकला नाहीं. ‘विश्रुत’ म्हणजे प्रख्यातच. वेदांत ‘श्रवस्’ म्हणजे कीर्ति, आणि श्रुतर्वन्, श्रुतकक्ष, सुश्रवस् हीं नांवें ऋग्वेदांतलीं आहेत. महाभारतांतील भूरिश्रवा म्हणजे ज्याची कीर्ति उदंड आहे तो. ग्रीकांचे पेरिक्लीस, सोफोक्लीस, थेमिस्टोक्लीस यांच्या शेपटाला हेंच ‘श्रवस्’ ग्रीक वेषांत बसलेलें आहे, आणि स्लाव्ह लोकांच्या व्लादिस्लाव, यारोस्लाव या नांवांतील ‘स्लाव’ही त्याच धातूचा. ‘न झिजणारी कीर्ति’ ही एकच कल्पना, त्याच दोन शब्दांच्या जोडीनें, ऋग्वेदांत आणि होमरच्या काव्यांत येते हें आडालबेर्ट कून यानें १८५३ मध्यें दाखविलें होतें. जेथें लेखन नव्हतें तेथें माणूस मेल्यावर उरण्याची जागा एकच होती : दुसऱ्याचा कान.

मराठींत या ‘ह्लुद’ला प्रतिशब्द द्यावयाचा तर ‘प्रसिद्ध’ किंवा ‘कीर्तिमान’ यांपेक्षां ‘गाजलेला’ हा शब्द आम्हांस अधिक नेमका वाटतो. समुद्राची गाज आणि गाजलेला मल्ल यांत आपल्या भाषेनें नादावरून लौकिकाकडे जी उडी घेतली तीच तिकडेही घेतली गेली. लुडविग म्हणजे ‘रणांत गाजलेला’.

पण बारशाच्या वेळीं आईबापांच्या मनांत हाच अर्थ असे काय? येथें नांवांचीं पुस्तकें फसवितात. जुनीं जर्मानिक नांवें हीं सामासिक असलीं तरी तीं दर वेळीं अर्थ लावून केलेलीं वाक्यें नसत. कीर्ति, युद्ध, राज्य, सैन्य, तेज अशा अर्थांचे ठराविक शब्द घराण्यांत चालत येत, आणि आजा, बाप, चुलता यांच्या नांवांतील एखादें अंग घेऊन त्याला दुसरें जोडून नवें नांव सिद्ध होई. फ्रँकांचा राजा क्लोव्हिस (हेंही आपलेंच नांव, त्याचें पुढें येईल) याच्या एका मुलाचें नांव क्लोदोमर, म्हणजे शब्दशः ‘प्रसिद्ध-प्रसिद्ध’. हिल्डेगुंड या स्त्रीनामाचीं दोन्ही अंगें ‘लढाई’ याच अर्थाचीं आहेत. असल्या नांवांचा अन्वयार्थ लावीत बसणें व्यर्थ आहे. त्यांतून ऐकूं येतें तें कुळ. दुसऱ्या एका मुलाचें नांव क्लोथार, म्हणजे ‘ह्लुद’ आणि सैन्य. बापाचें पहिलें अंग या दोघां मुलांच्या नांवांत उतरलें तें असें.

हा क्लोव्हिस ४८१ च्या सुमारास गादीवर आला आणि ५११ मध्यें वारला. लॅटिन लेखकांनीं त्याचें नांव ‘क्लोदोवेखुस’ असें लिहून ठेवलें आहे. फ्रँकांचा आरंभींचा ‘ह’ इतका खरखरीत होता कीं लॅटिन कानाला तो ‘ख’सारखा वाटला. त्यानें रॅन्स येथें बाप्तिस्मा घेतला, आणि रणांत गाजण्याचें हें अख्रिस्ती नांव ख्रिस्ती राजाचें नांव झालें. त्याचें मेरोव्हिंगियन घराणें ७५१ मध्यें पदच्युत झालें. नव्या घराण्याचीं नांवें पेपिन, कार्ल, कार्लमान अशीं होतीं. असें असतां ७७८ मध्यें सम्राट शार्लमेनला जुळे मुलगे झाले तेव्हां त्यानें त्यांचीं नांवें लुडविग आणि लोथार, म्हणजे क्लोव्हिस आणि क्लोथार, अशीं ठेवलीं. ज्यांची गादी आपल्या बापानें घेतली त्यांचींच नांवें! राज्य बळानें घेतां येतें, पण त्याचें जुनेपण नांवानेंच घ्यावें लागतें हें त्या मुत्सद्यानें ओळखलें होतें. लोथार लहानपणींच गेला. लुडविग ८१४ मध्यें सम्राट झाला. त्याच्या नाण्यांवर ‘ह्लुदोविकुस’ असें नांव आहे. म्हणजे ‘ह’ अजून शाबूत होता.

याच सम्राटाच्या काळीं एर्मोल्दुस निगेल्लुस या कवीवर राजाची इतराजी झाली आणि त्याला स्ट्रासबुर्ग येथें हद्दपारींत राहावें लागलें. सम्राटाची मर्जी परत मिळावी म्हणून त्यानें लॅटिनमध्यें एक दीर्घ स्तुतिकाव्य रचलें. त्यांत तो राजाच्या नांवाचें निर्वचन करतो : पहिलें अंग म्हणजे प्रख्यात, दुसरें म्हणजे युद्धदेव मार्स. अकराशे नव्हे, जवळजवळ बाराशे वर्षांपूर्वीं हद्दपारींतल्या एका कवीनें सुटकेच्या आशेनें केलेली ही फोड आजच्या भाषाशास्त्रालाही मोडावी लागलेली नाहीं. यास्काच्या अनेक निर्वचनांना असें भाग्य लाभलेलें नाहीं, हें आम्हांस कबूल करावें लागतें.

नांवाची वाट दुभंगली ती याच सम्राटाच्या मुलांच्या काळांत. ८४२ च्या फेब्रुवारींत त्याच स्ट्रासबुर्ग येथें लुडविग आणि कार्ल या दोघां भावांनीं वडील भाऊ लोथार याच्याविरुद्ध एकमेकांना साहाय्य करण्याच्या शपथा घेतल्या. परस्परांच्या सैनिकांना समजावें म्हणून लुडविग रोमान्स भाषेंत बोलला आणि कार्ल जर्मन भाषेंत. शार्लमेनचा नातू नितहार्ट यानें या शपथा जशाच्या तशा नोंदविल्यामुळें फ्रेंचचा सर्वांत जुना नमुना आपल्या हातीं आहे. त्यांत आपलें नांव दोन्ही भाषांत येतें. दोहोंतही आरंभींचा ‘ह’ गळालेला आहे. रोमान्स पाठांत तें कर्त्याच्या जागीं ‘लोधुविग्स’ असें सकारान्त आहे. कर्माच्या जागीं तो ‘स’ नाहीं.

पुढें फ्रेंचमध्यें दोन स्वरांमधला ‘द’ गेला, शेवटचा ‘ग’ गेला आणि ‘लोओइस’, नंतर ‘लुई’ झालें. प्राकृत शिकविणाऱ्यांना ही चाल पाठ आहे. ‘पाद’चा ‘पाय’ होतांना, ‘हृदय’चा ‘हिअअ’ होतांना मधलीं व्यंजनें अशींच झिजलीं. कर्त्याचा तो ‘स’ मात्र फ्रेंच लेखनांत अजून आहे, उच्चारांत नाहीं. जर्मनांनीं व्यंजनें जपलीं, म्हणून तिकडे ‘लुडविग’. इटालियनमध्यें ‘लुदोविको’ आणि ‘लुईजी’ हीं दोन्ही रूपें नांदतात. लुईजी गोन्झागा (१५६८–१५९१) या तरुण संताचें लॅटिन नांव ‘अलॉयसियस’. कोंकणपट्टीवरील कित्येक शाळांच्या पाट्यांवर हें नांव दिसतें. त्यांत लुडविग दडला आहे अशी कोणाला शंकाही येत नाहीं.

फ्रान्सच्या गादीवर हें नांव इतकें रुळलें कीं राजा आणि लुई हे जणूं पर्याय झाले. मोजणी सम्राट लुडविगपासून धरतात, क्लोव्हिसला धरीत नाहींत; धरलें असतें तर सोळावा लुई निदान सतरावा ठरला असता. नववा लुई १२७० मध्यें ट्यूनिसजवळ वारला आणि १२९७ मध्यें चर्चनें त्याला संत म्हणून जाहीर केलें. आमच्या विषयाच्या दृष्टीनें ही तारीख महत्त्वाची आहे. हें नांव सर्व ख्रिस्ती जगांत बाप्तिस्म्याचें नांव म्हणून पसरलें त्यामागें या संताचा मोठा वांटा आहे. पांच शतकांनंतर १७९२ मध्यें क्रांतिकारकांनीं सोळाव्या लुईला पदच्युत केलें, तेव्हां त्याची राजपदवी काढून त्याला ‘लुई कापे’ असें साध्या नागरिकाच्या थाटाचें आडनांव दिलें, आणि २१ जानेवारी १७९३ रोजीं त्याचा शिरच्छेद केला.

पोर्तुगालमध्यें जर्मानिक नांवें तशीं नवीं नव्हतीं. ७११ पर्यंत त्या द्वीपकल्पावर व्हिसिगॉथांचें राज्य होतें. आफोन्सो, रोद्रिगो, फेर्नांदो हीं नांवें त्यांच्याच ठेव्यांतलीं. ‘-एस’ म्हणजे ‘चा मुलगा’. तेव्हां गोव्यांतील रॉड्रिग्ज आणि फर्नांडिस हीं आडनांवें मूळचीं जर्मानिकच. रोद्रिगोमधील ‘रिग’चें नातें आपल्या ‘राजन्’शीं आहे. लुईस मात्र या जुन्या ठेव्यांतला नव्हे. मधलीं व्यंजनें गळालेलें त्याचें रूपच सांगतें कीं तो फ्रान्सवरून आला.

आणि मग तो समुद्रावरून आला. १५५३ मध्यें गोव्यास उतरलेल्या लुईस द कामोंइश या शिपाईकवीचें ‘उश लुझीयादश’ हें महाकाव्य १५७२ मध्यें लिस्बनला छापलें गेलें. पणजीला १८७१ मध्यें स्थापन झालेल्या ‘वास्को द गामा’ संस्थेच्या प्रवेशदालनांत या काव्यांतील प्रसंग निळ्या-पांढऱ्या फरशांवर चितारलेले आहेत. त्या संस्थेचें नांव १९६३ मध्यें बदललें आणि तिला लुईस द मिनेझिस ब्रागांझा (१८७८–१९३८) यांचें नांव देण्यांत आलें. चांदोरच्या या पत्रकारानें १९३० मध्यें पोर्तुगीज वसाहत-कायद्याविरुद्ध विधिमंडळांत गोमंतकीयांच्या स्वयंनिर्णयाचा हक्क मांडला होता. साम्राज्याचें महाकाव्य लिहिणारा एक लुईस त्या दालनाच्या भिंतीवर आहे, आणि त्या साम्राज्यापुढें उभा राहिलेला दुसरा लुईस दारावरच्या पाटीवर.