ट्रान्झिस्टर उभा राहिला तेव्हा

बंगळुरूत मारतहळ्ळीला लागून जाणाऱ्या आउटर रिंग रोडवरच्या काचेच्या इमारतींत चिप डिझाइनची बरीच कामं चालतात. लेआउट इंजिनिअरच्या पडद्यावर दिवसभर असतात ते रंगीत आयत : कुठे वीज चालू-बंद करणारं गेट, कुठे धातूच्या तारा. दोन आयतांमधलं अंतर नियमापेक्षा कमी भरलं की सॉफ्टवेअर तिथेच खूण करतं, आणि ती निघाल्याशिवाय चिप कारखान्याकडे जात नाही. ही शुद्ध भूमिती आहे. ट्रान्झिस्टर लहान होत राहिला त्यात हाफ्नियमसारख्या नव्या पदार्थांचा वाटा आहेच. पण माझ्या मते त्याला खरं तारलं ते आकारानं.

सपाट ट्रान्झिस्टरमध्ये विजेची वाट सिलिकॉनच्या पृष्ठभागालगत असते आणि गेट फक्त वरून बसतं. ही वाट फार आखूड झाली की गेटची हुकमत खोलवर पोचत नाही आणि बंद ट्रान्झिस्टरमधूनही वीज झिरपत राहते. बागेतली रबरी नळी एका बोटानं वरून दाबून पाणी पुरतं थांबत नाही. मूठच आवळावी लागते.

बर्कलीतल्या चेनमिंग हू यांच्या गटानं 1990च्या दशकाअखेरीस ती मूठ दिली. त्यांनी सिलिकॉनची पातळ भिंत उभी केली आणि गेट तिच्या तिन्ही बाजूंनी गुंडाळलं. हाच ‘फिनफेट’. 2011मध्ये इंटेलनं तो 22 नॅनोमीटरच्या पिढीत आणत असल्याचं जाहीर केलं. भिंतीची उंची साधारण 34 नॅनोमीटर, जाडी 8. दोन बाजू आणि माथा मिळून वीज वाहायला 76 नॅनोमीटर रुंदी मिळाली, आणि तीही दर 60 नॅनोमीटरला एक भिंत अशा जागेत! जमिनीपेक्षा जास्त रुंदी हाती आली, ती केवळ उभं राहिल्यामुळे.

किंमत मोजावी लागली ती डिझाइनरला. पूर्वी तो ट्रान्झिस्टरची रुंदी जवळपास हवी तशी ठेवी. आता एक भिंत घ्या, नाहीतर दोन. दीड भिंत मागायची सोय नाही.

सॅमसंगनं जून 2022मध्ये उत्पादनात आणलेल्या रचनेत सिलिकॉनच्या पातळ आडव्या पट्ट्या एकावर एक येतात आणि गेट प्रत्येकीला चारही बाजूंनी वेढतं. झिरप आणखी कमी होते. शिवाय पट्टीची रुंदी बदलता येत असल्यानं गेलेली मोकळीक बऱ्याच अंशी परत मिळाली : वेग हवा त्या भागाला रुंद पट्ट्या, बॅटरी जपायची तिथे अरुंद, आणि दोन्ही एकाच चिपवर.