गप्प माणसाकडे पाहणारा कॅमेरा
(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

आमच्या खांब परिसरात कातकऱ्यांच्या वाड्या आहेत. तालुक्याच्या कचेरीत गेलं, की व्हरांड्यात एखादा कातकरी उकिडवा बसलेला दिसतो. काही विचारलं तर मान खाली. आपण म्हणतो, ह्याला काही कळत नाही. मीही तसंच समजत होतो. 'आक्रोश' पाहिला आणि माझी समजूत मला खोटी वाटू लागली. तो चित्रपट एका छायालेखकाने दिग्दर्शित केला होता, गोविंद निहलानी यांनी.

निहलानींचा जन्म १९४०चा, कराचीतला. फाळणीने कुटुंब इकडे आलं. बंगळूरच्या पॉलिटेक्निकमध्ये ते छायालेखन शिकले आणि १९६२ साली बाहेर पडले. मग 'प्यासा' आणि 'कागज के फूल'मध्ये सावल्यांना बोलतं करणाऱ्या व्ही. के. मूर्तींच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली. सत्यदेव दुबे यांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९७१) या मराठी चित्रपटाचं छायालेखन त्यांचंच. पुढे श्याम बेनेगलांचे 'अंकुर', 'निशांत', 'मंथन', 'भूमिका', 'जुनून' त्यांनी टिपले.

कॅमेरा सांभाळणारा माणूस दिग्दर्शक होतो, ही तशी नवलाची गोष्ट नाही. इटलीत मारिओ बावा यांनी वीसेक वर्षं दुसऱ्यांचे चित्रपट टिपले आणि १९६० साली भयपटाने स्वतःचं नाव केलं. त्यांनी अंधारातून भीती उभी केली. निहलानींच्या अंधारात मात्र भूत नव्हतं, माणूस होता.

१९८० साली 'आक्रोश' आला. पटकथा विजय तेंडुलकरांची. संवादांवर एवढी हुकमत असलेल्या या लेखकाने आरोपी लहान्या भिकूला जवळजवळ मुकाच ठेवला. सुरुवातीलाच हातात बेड्या असलेला भिकू बायकोच्या चितेला अग्नी देतो. वकील परोपरीने विचारतो, भिकू बोलत नाही. अशा वेळी दिग्दर्शकाजवळ उरतं काय? ओम पुरींचा चेहरा आणि त्यावर पडणारा उजेड. कॅमेराही निहलानींचाच होता. चेहऱ्यावर नजर किती वेळ ठेवायची, हे त्यांना ठाऊक होतं. खरं बोलून उपयोग नाही हे पुरतं कळल्यामुळे हा माणूस गप्प आहे, एवढं शेवटी आपल्यालाही कळतं. १९८१च्या भारतीय आंतरराष्ट्रीय महोत्सवात 'आक्रोश'ला सुवर्णमयूर विभागून मिळाला.

१९८३चा 'अर्धसत्य' श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरचा. त्यात फौजदार वेलणकर दिलीप चित्रे यांची कविता वाचायला घेतो. वाचता वाचता त्याचा आवाज बदलत जातो. मी कविता लिहितो, म्हणून तो प्रसंग मला फार महत्त्वाचा वाटतो. त्या क्षणी कॅमेरा कवितेपेक्षा वाचणाऱ्याकडे पाहतो.

आणि 'तमस'. १९८८ साली दूरदर्शनवर लागला. त्यावर बंदी घालावी म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. न्यायालयाने बंदी नाकारली. छायालेखनात या वेळी गुरू मूर्तीही सोबत होते. पाच रुपयांसाठी डुक्कर मारणारा नथू पुढे तेच डुक्कर मशिदीच्या पायरीवर पडल्याचं कळून हादरतो. त्याला सगळं माहीत आहे, पण सांगणार कुणाला? आमच्या आळीत तेव्हा एकाच घरी टीव्ही होता. हिंदू, मुसलमान, सगळे एका सतरंजीवर बसून पाहत होतो. भाग संपला तरी कुणी बोललं नाही. घरमालकीणबाईंनी नेहमीसारखा चहा केला आणि सगळ्यांनी घेतला. त्या रात्री तेवढं पुरेसं होतं.

भिकू आणि नथू, दोन्ही ओम पुरीच. दोघांनाही खरं ठाऊक आणि दोघांचंही तोंड बंद. निहलानींनी त्यांच्या तोंडी भाषणं घातली नाहीत. त्यांच्याकडे पाहत राहिले, आपल्यालाही पाहायला लावलं.

अजूनही कचेरीत जातो तेव्हा व्हरांड्यात कुणी ना कुणी उकिडवा बसलेला असतो. आता मी शेजारी जरा टेकतो. लगेच काही विचारत नाही.