जुन्या रेकॉर्डला पुन्हा गिऱ्हाईक

व्यापारी बंधूंनो, बाजारातून एकदा उठलेला माल पुन्हा बसत नाही, असा आमचा समज होता. 1990 च्या सुमारास घरात कॅसेट आल्या आणि वडिलांची कव्वालीच्या रेकॉर्डची पेटी आम्ही भंगारवाल्याला वजनावर देऊन टाकली. आज त्याचा पस्तावा होतो.

कापडाच्या कामाने सोलापूरहून मुंबईला गेलो की आम्ही चोर बाजारात मटण स्ट्रीटवर एक फेरी मारतो. मोबाईलवर हवे ते गाणे फुकट मिळत असताना तेथे तरुण पोरे जुन्या रेकॉर्ड चाळत उभी असतात. अमेरिकेत 2022 साली सुमारे 4 कोटी 10 लाख रेकॉर्ड खपल्या आणि सीडी 3 कोटी 30 लाख. 1987 नंतर प्रथमच रेकॉर्ड सीडीच्या पुढे गेली. आपल्याकडे काळा घोडा येथील ऱ्हिदम हाऊस 2016 मध्ये बंद झाले, पण 2024 मध्ये मुंबईतच रेकॉर्ड तयार करण्याचा नवा कारखाना सुरू झाला.

गिऱ्हाईकाला हातात धरता येईल अशी वस्तू हवी असते. चादर घेणारासुद्धा आधी पोत चाचपून पाहतो.

या धंद्यात उतरणाऱ्याने माल ओळखायला शिकावे. 78 फेऱ्यांची रेकॉर्ड बहुधा लाखेची असते. ती पडली की फुटते आणि स्पिरिटने पुसली तर खराब होते. 33 आणि 45 फेऱ्यांच्या रेकॉर्ड प्लास्टिकच्या असतात. त्या उन्हात वाकतात, म्हणून सोलापूरच्या उन्हाळ्यात पत्र्याखाली ठेवू नयेत. एकावर एक न रचता उभ्या ठेवाव्यात. दोन्ही जातींची सुई वेगळी असते. झिजलेली सुई चांगला मालही खराब करते.

खरी अडचण कारागिराची आहे. मोटर, पट्टा, सुई दुरुस्त करणारे जुने हात थकले आणि हे काम मुलांना शिकवावे असे फार थोड्यांना वाटले. कारागीर नसेल तर महागातले मशीनही शोभेची वस्तू होऊन बसते. रेडिओ-टेपच्या दुरुस्तीतले आपले जे बांधव अजून काम करतात, त्यांनी एखादा शागीर्द जरूर तयार करावा.

आणि घरात जुनी पेटी असेल तर विकण्यापूर्वी उघडून पाहा. रेकॉर्ड उजेडात तिरकी धरा. चरे असतील तर गिऱ्हाईकाला आधीच सांगा. इमानदारीने दिलेला जुना मालच पुढचे गिऱ्हाईक आणतो.