पेंचच्या अरण्याचा पाया

नागपुराहून कन्हानचा पूल ओलांडून जो प्रवासी मनसर-देवलापारच्या दिशेने निघतो, त्याच्या डाव्या हातास काही कोसांवर पेंच राष्ट्रीय उद्यानाचे रान सुरू होते. आणि हे रान नेमके तेथेच का टिकले, त्याच्या दक्षिणेकडील सपाट मुलखात का टिकले नाही, ह्या प्रश्नाचे उत्तर वाघाच्या किंवा सागाच्या वर्णनात सापडत नाही, ते पायाखालच्या खडकात शोधावे लागते.

ह्या टेकड्यांचा खडक भूशास्त्रज्ञ 2023 पर्यंत छिंदवाडा जिल्ह्यात असलेल्या सौसर गावाच्या नावाने ओळखतात. एका अतिप्राचीन समुद्राच्या तळाशी साचलेली वाळू, चिखल, चुना आणि मँगनीजयुक्त गाळ हे सारे भूगर्भात खोल दडपले जाऊन सुमारे शंभर कोटी वर्षांपूर्वी प्रखर उष्णतेने व दाबाने असे पालटले, की वाळूचा कठीण क्वार्ट्झाइट झाला, चिखलाचा अभ्रकाने चमकणारा पत्रीदार पाषाण झाला, चुन्याचा संगमरवर झाला आणि मँगनीजचे काळे, हातात घेतल्यास अनपेक्षितपणे जड लागणारे खनिज बनले. भूगर्भ सर्वेक्षण खात्याचे एल. एल. फर्मोर ह्यांनी 1909 साली ह्या खनिजावर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला व त्यातील एका खडकास गोंडांच्या नावावरून ‘गोंडाइट’ हे नाव दिले. पुढे 1936 साली डब्ल्यू. डी. वेस्ट ह्यांनी देवलापारच्या परिसरात त्याहूनही विलक्षण गोष्ट दाखवून दिली. एका बाजूने रेटलेली सतरंजी जशी घड्या पडून स्वतःवरच चढते, तसे येथील खडकांचे थरच्या थर आपल्या मूळ जागेवरून सरकून दुसऱ्या थरांवर जाऊन बसले आहेत. आल्प्स पर्वतात ज्या रचनेचा अभ्यास पिढ्यान्‌पिढ्या चालला होता, ती रामटेक तालुक्यात सापडावी, ह्याचे अप्रूप आपल्याकडे फारसे कोणास वाटले नाही, हे खेदाचे आहे.

कन्हान नदीकाठचा खडक मात्र निराळा, आणि पुष्कळ तरुण. नागपुरास राहिलेले मिशनरी स्टीफन हिस्लॉप ह्यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास ह्या भागातील जीवाश्म गोळा केले. कामठीजवळच्या सिल्लेवाड्याचा वालुकाश्म फोडला असता त्यात ग्लॉसोप्टेरिस ह्या लुप्त वनस्पतीच्या पानांचे ठसे मिळतात: लांबट, जिभेच्या आकाराचे पान, मधोमध ठळक शीर, आणि तिच्यापासून दोन्ही कडांपर्यंत पसरलेले बारीक शिरांचे जाळे, इतके स्पष्ट की ते बोटाने चाचपता यावे. हेच पान आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, दक्षिण अमेरिका आणि अंटार्क्टिका येथेही सापडते. हे सारे भूखंड एके काळी जोडलेले होते, ह्याचा जो पुरावा विद्वानांनी मांडला त्यात ह्या पानाचा वाटा मोठा आहे. त्या काळच्या दलदलीत कुजून गाडल्या गेलेल्या वनराजीचाच कोळसा आज कन्हान-कामठीच्या खाणींतून निघतो. त्यानंतर पुष्कळ काळाने, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी, दख्खनचा लाव्हा पसरला. नागपूरची सीताबर्डीची टेकडी त्याचीच असून, त्याची पूर्व सरहद्द ह्याच परिसरात आहे.

आता अरण्याचा इतिहास. लाव्ह्याच्या काळ्या मातीत कापूस आणि संत्री पिकली, नदीकाठच्या गाळात वस्त्या वाढल्या. पण क्वार्ट्झाइटच्या उतारावर माती वीतभरही ठरत नाही, तेथे नांगर चालत नाही, तेथे वाढतो तो सालई, किंवा पानगळीनंतर ज्याची पांढरी साल कातळावर लांबून उठून दिसते तो कुलू. 1861 साली मध्यप्रांत स्थापन झाल्यावर जो जमीनमहसुलाचा बंदोबस्त झाला, त्यात गावांची मालकी मालगुजारांकडे गेली आणि गावाच्या गरजेहून अधिक ठरलेली पडीत जमीन सरकारजमा झाली. 1878 च्या वनकायद्याने तिच्यातूनच राखीव जंगले निर्माण झाली. कुळास नको असलेली जमीन राखीव झाली, आणि तिला नको ठरविणारा होता तो खालचा कातळ. ज्या गोंडांनी ह्या टेकड्यांत मोह वेचला, तेंदूची पाने तोडली व झाडोरा जाळून त्या राखेत पेरण्याच्या दहिया पद्धतीने शेती केली, त्यांची वहिवाट मात्र परवान्याच्या आणि दंडाच्या भाषेत जाऊन पडली. त्याच खडकात जेथे मँगनीज होते, त्या मनसर-कांद्रीकडे विसाव्या शतकाच्या आरंभी खाणी उघडल्या. जेथे ते नव्हते, तेथे रान उरले.

1975 साली ह्या रानाचे राष्ट्रीय उद्यान झाले आणि 1999 साली व्याघ्रप्रकल्प. दरम्यान कातळातून वाट काढीत कन्हानला मिळण्यास येणारी पेंच नदी तोतलाडोह येथे अडविण्यात आली. दरीचा मोठा भाग पाण्याखाली गेला, वीज निर्माण झाली, आणि नागपूर शहर आजही मुख्यतः पेंचच्याच पाण्यावर जगते. उन्हाळ्यात पाणी ओसरले की उघड्या पडलेल्या काठांवर कोवळे गवत उगवते व चितळांचे कळप तेथे उतरतात. धरणाच्या कामावर आलेली मजुरांची कुटुंबे काम संपल्यावर जलाशयातील मासेमारीवर गुजराण करू लागली होती. संरक्षित क्षेत्र म्हणून ती बंद झाली आणि वस्तीही उठली. वन्यप्राण्यांसाठी ते आवश्यक होते, हे मी मान्य करतो. परंतु ज्या राज्याने स्वतः दरी बुडविली, त्याने जाळे टाकणाऱ्यास गुन्हेगार ठरविण्याच्या आधी त्याच्या पोटाची तजवीज करणे न्यायाचे होते. आज सिल्लारी, खुर्सापार, चोरबाहुली येथील प्रवेशद्वारांवर आसपासच्या गावांतील तरुण वाटाडे म्हणून काम करतात; हे काम वाढले पाहिजे, आणि वाघाबरोबर देवलापारचा खडकही प्रवाशास दाखविण्याचे शिक्षण त्यांना मिळाले पाहिजे.